वंशाला लागलेले पाणी

"सदर जमिनीची हानी ही गृहसेविकेकडून दररोज होत असलेल्या अतिरिक्त जलवापरामुळे झाली असून उत्पादनात कोणताही दोष आढळून आला नाही."

घरात बसवायच्या बांबूच्या जमिनी पुरवणाऱ्या कंपनीचा हा निष्कर्ष बिबवेवाडीतल्या खळदकरांच्या घरात एकमताने मान्य झाला. त्या घरात एकमताने याआधी काहीही मान्य झाल्याची नोंद नाही. आमटीत गूळ किती घालावा यावरदेखील तिथे दोन पिढ्यांचे वाद प्रलंबित आहेत. त्यामुळे जाणत्याला संशय यायला हे एकमतच पुरेसे होते.

वाक्य नीट वाचावे. 'दररोज' हा शब्द लिहिणारा तपासनीस, अभिनव नावाचा तरुण, त्या घरात एकदाच आला होता आणि चहा निवायच्या आत परत गेला होता. 'अतिरिक्त' म्हणजे कशाहून अतिरिक्त, हे त्याने सांगितलेले नाही. 'आढळून आला नाही' ही शब्दरचना तर शोधण्याची तसदी न घेणाऱ्यांसाठीच भाषेने राखून ठेवलेली असावी. आणि 'गृहसेविका'! सुंदराबाई त्या घरात केवळ 'बाई' होती. 'बाई आली का', 'बाईला सांग', 'बाईनं आज दांडी मारली'. ही भारदस्त पदवी तिला प्रथम मिळाली ती आरोपपत्रात. ज्यांना मान द्यायचा एरवी राहून जातो, त्यांना तो शिक्षा सुनावताना देण्याची आपल्याकडे पद्धत आहे.

पुरावा म्हणाल तर होता. अभिनवने बाल्कनीच्या कठड्यावर वाळत टाकलेले ओले फडके पाहिले, घरभर दरवळणारा फिनेलचा वास घेतला आणि अनुमान काढले. डोंगरावर धूर दिसला की तिथे अग्नी आहे असे मानावे, हे आपल्या नैयायिकांनी शिकवलेच आहे. मात्र धूर नेमका त्याच डोंगरावरचा आहे ना, हेही पाहावे, असे त्यांचे म्हणणे होते. तेवढे वाचायला अभिनवला वेळ नव्हता. सुंदराबाईला मात्र कोणी काही विचारले नव्हते.

मुळात हे सगळे अमेरिकेतून आले. तेजस खळदकर हिंजवडीतल्या एका सॉफ्टवेअर कंपनीत होता. डॉलरने पुण्याच्या टेकड्या चढायला सुरुवात केली होती तो काळ. कंपनीने त्याला ऑनसाइट पाठवले आणि तिथल्या भाड्याच्या घरात त्याने पहिल्यांदा बांबूची जमीन पाहिली. परतताना लोक चॉकलेटे आणतात. तेजस एक मत घेऊन आला. दगडासाठी डोंगर फोडावा लागतो, लाकडासाठी झाड मरते, बांबू मात्र कापला तरी पुन्हा वाढतो; म्हणून सुजाण माणसाने बांबूवर चालावे. नवा फ्लॅट ताब्यात येताच त्याने बिल्डरने बसवलेल्या धडधाकट फरश्या हॉलमधून आणि खोल्यांमधून उखडून टाकल्या. स्वयंपाकघर आणि न्हाणीघर तेवढे वाचले. बाकी सर्वत्र चीनमधून जहाजाने आलेला बांबू बसला.

"भोरला जाताना रस्त्याच्या कडेला बांबूची बेटं दिसतात, त्यातला नाही चालत?" वडिलांनी, ज्ञानदेवरावांनी, विचारले होते.

"बाबा, तो वेगळा असतो."

"हो. तो मराठी असतो."

ज्ञानदेवराव पाटबंधारे खात्यातून निवृत्त झालेले, आणि निवृत्तीनंतर संस्कृतकडे वळलेले. जमीन बसल्याच्या दिवशी त्यांनी घरातल्यांना जमवून सांगितले, "वंश म्हणजे कुळ आणि वंश म्हणजे बांबूसुद्धा. म्हणजे आपला वंश आता पायाखाली अंथरलेला आहे. जपून चाला."

जपायचे कसे, याचे एक पुस्तक जमिनीबरोबर आले होते. तेजसने ते सगळ्यांना समोर बसवून वाचून दाखवले. रोज मऊ झाडूने केर काढावा, कारण बारीक खड्यांनी चरे पडतात. फारच गरज पडली तर घट्ट पिळलेले, जेमतेम दमट फडके फिरवून लगेच कोरडे करावे. सांडलेले तत्काळ टिपावे. खुर्च्या ओढू नयेत, उचलाव्यात. साबण, सोडा, व्हिनेगर, तेल, मेण आणि वाफ यांना सक्त मनाई.

"दमट म्हणजे नेमकं किती?" ज्ञानदेवरावांनी विचारले.

"डॅम्प, बाबा. वेट नाही, डॅम्प."

"म्हणजे मुंबई की महाबळेश्वर?"

"एवढे नियम आमच्या सासूबाईंच्या सोवळ्यालाही नव्हते," तेजसची आई, सुशीलाबाई, पुटपुटल्या.

"आई, तुम्ही काळजी नका करू. मी बाईला समजावते," असे म्हणून सून दीपमाला उठली. तिने समजावले ते असे: "बाई, केर-फरशी करायची. पण हॉलमध्ये जरा जपून हं. खूप कॉस्टली आहे."

"केर-फरशी ना ताई? बरं," सुंदराबाई म्हणाली.

करार झाला. केर-फरशी हा जोडशब्द पुण्यात इतका मुरलेला आहे की त्यात काही समजावण्यासारखे असेल असे दीपमालाला वाटले नाही, आणि त्यात काही विचारण्यासारखे आहे असे सुंदराबाईलाही वाटले नाही.

भाद्रपद आला. गौरी घरात आणायच्या म्हणजे दारापासून देवघरापर्यंत हळदी-कुंकवाची पावले उमटवायची. सुशीलाबाईंनी ती दरवर्षीप्रमाणे कालवलेल्या हळदीने आणि कुंकवाने उमटवली. सुंदराबाईची ओटी भरली, तिला पंगतीत बसवून पुरणपोळी वाढली. गौरी यथासांग आल्या, जेवल्या, गेल्या. पावले मात्र राहिली. कुंकू पुसले गेले. हळद बांबूत शिरली.

तेजस त्या आठवड्यात एका रिलीजमध्ये बुडालेला होता आणि जमिनीकडे पाहण्याइतका वाकतही नव्हता. तो वाकायच्या आत काहीतरी करायला हवे होते. सुशीलाबाईंनी खाण्याच्या सोड्याची पेस्ट करून पावलांवर चोळली. हळदीला सोडा भेटला की काय होते, हे आपण सर्वांनी शाळेच्या प्रयोगवहीत लिहिलेले असते आणि परीक्षेनंतर विसरलेले असते. पिवळी पावले लालभडक झाली. सोन्याच्या पावलांनी आलेली लक्ष्मी आता एखाद्या खुनाच्या ठिकाणाहून चालत आल्यासारखी दिसू लागली. घाबरून सुशीलाबाईंनी त्यावर भरपूर पाणी ओतले, पुसले आणि ओल्या जमिनीवरच एक लांब सतरंजी अंथरली.

"इथे सतरंजी कशाला?" रात्री तेजसने विचारले.

"गुडघ्यांना बरं पडतं."

"तुझे गुडघे दारापासून देवघरापर्यंत आहेत का?"

"नऊवारी नेसायचे तेव्हा विचारायचं होतंस," आई म्हणाली. याचा अर्थ काय, हे तेजसला कळले नाही, आणि आईला त्याला कळू द्यायचेही नव्हते.

पुढच्या शनिवारी दीपमालाने सतरंजीला ऊन द्यावे म्हणून ती उचलली. खाली लाल पावले. दीपमालाला ती आपलीच वाटली, कारण आदल्याच दिवशी तिच्या ऑफिसात 'ट्रॅडिशनल डे' होता आणि ती पायांना ठसठशीत आळता लावून घरी आली होती. पावले सतरंजीच्या खाली कशी उमटली असतील, हा प्रश्न तिला पडायला हवा होता. अपराधी मन तर्कशास्त्राच्या नादी लागत नाही. तिने इंटरनेटवर शोधले, व्हिनेगर आणले आणि पावलांवर चोळले. लाल रंग गेला. त्या जागी पिवळा आला.

दीपमालाने बांबू पहिल्यांदाच हाताळला होता. तो खरवडला गेला की आतून पिवळा निघत असणार, असे तिला वाटले. व्हिनेगर आणखी आत जाऊ नये म्हणून तिने त्यावर तांब्यामागून तांब्या पाणी ओतले, घाईने टिपले, आणि सतरंजी होती तिथे ठेवली. ऊन राहूनच गेले.

"लोणच्याची बरणी फुटली का कुठे?" संध्याकाळी ज्ञानदेवरावांनी नाक वर करून विचारले. मग ते स्वतः वासाचा माग काढत सतरंजीपर्यंत पोचले. कड उचलून पाहिली. जमीन निस्तेज, खरखरीत. तारुण्यात ते क्रिकेट खेळत, आणि बॅटला अळशीचे तेल पाजल्याशिवाय मोसम सुरू करत नसत. बांबूची त्वचा कोरडी पडली आहे, असे निदान करून त्यांनी दुसऱ्या दिवशी दुपारच्या शांततेत तिला तेल पाजले. बॅट कोणी पायाखाली घेत नाही, एवढा एक फरक त्यांच्या ध्यानातून निसटला. पहिल्या बळीचा मान त्यांनाच मिळाला. देवघराकडे निघालेले ज्ञानदेवराव सतरंजीसकट थेट देवांसमोर जाऊन पोचले.

"आज अगदी धावत दर्शन?" सुशीलाबाईंनी आतून विचारले.

तेल काढायला ज्ञानदेवरावांनी कडकडीत पाणी आणि कपड्यांचा साबण वापरला. पाणी सोडण्याचा त्यांना आयुष्यभराचा अनुभव होता. परत बोलावण्याचा नव्हता.

शेवटी तेजस वाकला. जमिनीवर साबणाची राखाडी साय धरलेली त्याने पाहिली. अमेरिकेहून त्याने वाफेने जमीन पुसण्याचे एक यंत्र आणले होते, आणि ते इथल्या विजेवर चालावे म्हणून त्याच्याहून जड असा एक ट्रान्सफॉर्मरही. पुस्तकातला वाफेचा नियम त्यानेच मोठ्याने वाचला होता. परंतु नियम हे न वाचणाऱ्यांसाठी असतात, अशी वाचणाऱ्यांची ठाम समजूत असते. घरचे सगळे कात्रजला एका लग्नाला गेले आणि तेजसने हॉल वाफेने भरून टाकला. जमीन झळकू लागली. तो स्वतःवर इतका खूश झाला की त्याने खोल्याही वाफवल्या.

त्यानंतर बांबूने उत्तर द्यायला सुरुवात केली. पट्ट्यांच्या कडा उचलल्या, मध्ये खोलगट पन्हळी पडल्या, हॉलच्या मधोमध एक टेंगूळ आले. दाराजवळची जमीन इतकी फुगली की बाहेरचे दार आत उघडेना. वीतभर फट राहिली. तीतून सकाळी दुधाच्या पिशव्या आत येत, तेजस आणि दीपमाला आडवे होऊन ऑफिसला जात. ज्ञानदेवरावांच्या पोटाला हा मार्ग उपलब्ध नव्हता. ते घरात स्थानबद्ध होते. "बांबू लागणे म्हणजे काय, ते या वयात कळलं," असे ते फटीतून शेजाऱ्यांना सांगत.

चौघांपैकी प्रत्येकाला खात्री होती की हे आपल्यामुळेच झाले आहे, आणि आशा होती की ते कोणाला कळणार नाही.

मग भरपाईच्या दाव्याची तपासणी करायला अभिनव आला, अर्थात आडवा होऊन.

"पाणी कोण यूज करतं इथे?" त्याने विचारले.

"पुसलं जात असेल," तेजस म्हणाला.

"हो, पुसलं जातं," दीपमाला म्हणाली.

"जातं खरं," ज्ञानदेवराव म्हणाले.

सुशीलाबाईंनी चहा पुढे केला. मराठी व्याकरणात कर्ता गाळून वाक्य पुरे करण्याची सोय आहे. ती कोणासाठी आहे, हे त्या हॉलमध्ये इतके स्पष्ट दिसत होते की शाळेत उदाहरण म्हणून शिकवावे. कोणी खोटे बोलले नाही. रिकाम्या ठेवलेल्या कर्त्याच्या जागी कोणाला बसवायचे, ते परक्या माणसावर सोपवले.

"सर, मेडच असते हो सगळीकडे," अभिनवने कप ठेवला. "आमच्या सिस्टीममध्येही तोच ऑप्शन आहे."

अहवाल आला तसा तेजसने सुरक्षा कार्यालयाला निरोप धाडला आणि सुंदराबाईचे प्रवेशाचे कार्ड बंद झाले. त्या इमारतीत आणखी बऱ्याच घरी ती काम करत होती, आणि अप्परच्या वस्तीत असलेले तिचे स्वतःचे घर याच घरांवर चालत होते. फाटकावरच्या यंत्राने तांबडा दिवा दाखवला आणि ती सगळी घरे एका क्षणात तिच्यापासून दूर गेली. यंत्राला कारण सांगायची सक्ती नसते.

दुसऱ्या दिवशी त्यांपैकीच एका घरच्या, आठव्या मजल्यावरच्या कमरजहां आपा खाली फाटकावर गेल्या. आपा निवृत्त मुख्याध्यापिका. त्यांचे घराणे पुण्यात पेशव्यांपासूनचे, आणि मराठी खळदकरांपेक्षा शुद्ध. त्यांनी सुरक्षारक्षकाला विचारले, "कार्ड नसलेलं माणूस कोण?"

"पाहुणा, मॅडम."

"मग लिहा. सुंदराबाई, माझ्या पाहुण्या."

अशा रीतीने सुंदराबाई त्या इमारतीत प्रथमच रहिवाशांच्या, आरसा लावलेल्या लिफ्टमधून वर गेली. आपांनी लिफ्ट सहाव्या मजल्यावर थांबवून खळदकरांची बेल दाबली. रविवार होता.

"ढकला!" आतून ज्ञानदेवरावांचा आवाज आला. "जोर लावून ढकला, आणि श्वास सोडून आत या."

दोघी आत आल्या. टेंगळाच्या एका बाजूला घरचे चौघे, दुसऱ्या बाजूला या दोघी.

"बाई, हे बघा," तेजसने अहवाल पुढे धरला. "रागवायचं म्हणून नाही. पण यात स्पष्ट लिहिलंय."

"मला वाचता येत न्हाई, दादा. पर मी त्या जमिनीला पाणी लावलं न्हाई. पोरीची आन घेऊन सांगते."

"अहो, पण रोज पुसत होतात ना तुम्ही?"

सुंदराबाई पदराचे टोक पिळू लागली. तेजसने दीपमालाकडे, बघ, अशा अर्थाने पाहिले.

"एक मिनिट," आपा म्हणाल्या. "मी जन्मभर वर्गात एकच चौकशी केली. शाई कोणी सांडली? शाई सांडणारा कधीच स्वतःच्या हाताकडे बघत नाही, तो शेजाऱ्याच्या हाताकडे बघतो. आता सांगा, पाणी कोणी सांडलं?"

चौघांनीही नजर खाली वळवली. खाली जमीन होती, म्हणून ती लगेच वरही घ्यावी लागली.

सुशीलाबाईंचे लक्ष सुंदराबाईच्या पदराकडे गेले. गौरीच्या दिवशी ओटी भरलेला तोच पदर.

"अरे, तिला कशाला विचारतोस?" त्या एकदम म्हणाल्या. "गौरीची पावलं मी काढली. हळद निघेना म्हणून सोडा लावला, मग पाणी ओतलं. काय करायचं ते कर माझं."

"हळद?" दीपमाला ओरडली. "आई, ती हळद होती? मला वाटलं माझा आळता! मी त्यावर बाटलीभर व्हिनेगर ओतलं!"

"तरीच लोणचं!" ज्ञानदेवराव उद्गारले. मग त्यांचा चेहरा पडला. "म्हणजे ती कोरडी नव्हती पडली. मी उगाच तेल पाजलं."

"तेल?" तेजस म्हणाला. "बाबा, तेल?"

"ते साबणानं काढलं रे सगळं. गरम पाण्यानं."

"साबण?"

"तू काय प्रत्येक शब्द परत म्हणतोस?" सुशीलाबाईंनी मुलाकडे रोखून पाहिले. "आम्ही कात्रजला गेलो त्या दिवशी परत आलो तर आरसे घामेजलेले होते. मी बोलले नाही एवढंच. पुरण शिजवत होतास का?"

तेजसने ट्रान्सफॉर्मरकडे पाहिले. "स्टीम," तो अगदी हळू म्हणाला.

तेवढ्यात आतल्या खोलीतली एक पट्टी कट्ट करून उचलली गेली.

"छान," आपा म्हणाल्या. "या खोलीत निर्दोष असं एकच माणूस उरलं, आणि अहवालात ठपका तेवढा त्याच्यावरच आहे."

तेजसने कोणी सांगायच्या आत फोन उचलला. "सुंदराबाईंचं कार्ड चालू करा. आत्ता. हो, चूक माझी. माझी म्हणजे... माझीच." त्याला आजवर एवढे छोटे वाक्य एवढे कठीण गेले नव्हते.

"बसा हो बाई," दीपमाला म्हणाली आणि डोळे पुसत स्वतः खुर्ची घेऊन आली. उचलून आणली, ओढली नाही.

ज्ञानदेवरावांना मात्र आता चेव आला होता. सरकारी नोकरीत त्यांनी शेकडो खोटी विधाने वाचली होती आणि एकाचेही खंडन करायची त्यांना मुभा नव्हती. "नुकसानभरपाई गेली खड्ड्यात," त्यांनी कागद पुढे ओढला. "पण हे असं लेखी राहू द्यायचं नाही. कंपनीला उत्तर जाईल, आमच्या चौघांच्या नावानिशी. आणि शेवटी सुंदराबाईंचा जबाब. त्यांच्याच शब्दांत, काना-मात्रा न बदलता. बाई, तुम्ही फक्त एवढंच सांगा, की मी रोज घट्ट पिळलेल्या फडक्यानं हलक्या हातानं पुसत होते."

सुंदराबाई खुर्चीच्या अगदी कडेवर बसली होती. "कार्ड नक्की चालू झालं ना?" तिने विचारले.

"झालं."

"काय बी लिवलं तरी परत बंद न्हाई करायचं?"

"मी आहे ना इथे," आपा म्हणाल्या.

सुंदराबाईने एकदा त्या टेंगळाकडे पाहिले, एकदा बाल्कनीतल्या फडक्याकडे पाहिले, आणि सांगायला लागली. ज्ञानदेवरावांनी दिलेला शब्द पाळला. कंपनीकडे गेलेल्या उत्तराच्या शेवटी ते विधान जसेच्या तसे आहे:

"खरं लिवायचं तर मी ती जमीन एकदाबी पुसली न्हाई. ना वल्ल्या फडक्यानं, ना कोरड्या. सतरंजी आज हितं तर उद्या तिथं दिसायची, कधी आंबूस वास, कधी तेलाचा. मला वाटलं घरचीच माणसं हौसेनं पुसत्यात, आपुन कशाला मधी पडा. फिनेलचा वास यायचा त्यो सैपाकघरातला आन् न्हाणीतला, फडकंबी तिथलंच. ताईंशी बोलणं झालं व्हतं केर-फरशीचं. केर मी रोज काढला. फरशी जिथं हाय, तिथं पुसली. हालमधी फरशीच न्हाई, तर मी पुसू काय?"